सागाचा भुसा

पहाटे उठल्यावर भाऊसोंचं पहिलं काम म्हणजे पोराची, संघर्षची, कूस बदलणं. एक हात मानेखाली आणि एक कमरेखाली घालून ते त्याला वळवत, गुडघ्यांमध्ये घडी केलेली चादर सरकवत आणि कान दुमडून उशीखाली गेला नाही ना, हे बोटानं चाचपून पाहत. दुमडलेला कान सरळ करण्यापुरताही संघर्षचा हात आता वर येत नव्हता. तोवर बायकोनं, सोनूबाईंनी, पाणी तापत ठेवलेलं असे. मग तोंड धुणं, अंग पुसणं, पावलं हळूहळू मागे दाबून घोटे मोकळे करणं. चहा नळीनं. भाकरीचा काला दुधात, चमच्यानं, मध्ये मध्ये थांबत. घास घशाशी थबकला की सोनूबाई त्याच्याकडे न पाहता भिंतीवरच्या बाबासाहेबांच्या तसबिरीकडे पाहत राहायच्या. पाहिलं की तो घाई करतो, हे त्यांना ठाऊक होतं.

हे सगळं झाल्यावर भाऊसो त्याला उचलून चाकांच्या खुर्चीत बसवत, छातीचा पट्टा लावत आणि मांडीवर सागवानी फळी ठेवत. फळीत खोबण होती आणि त्या खोबणीत गेमचा कंट्रोलर घट्ट बसत असे. संघर्षचे दोन्ही अंगठे ते दोन दांड्यांवर टेकवत. तेवढे दोन अंगठे अजून त्याचे होते. स्नायू झिजवणारा आजार शाळेत असताना पायांपासून सुरू झाला आणि वर चढत गेला. अंगठ्यांपाशी येऊन तो जरा रेंगाळला होता.

त्या दिवशीही भाऊसोंनी टीव्हीशेजारच्या स्टुलावरच्या गेमच्या मशीनचं बटण दाबलं आणि ते डबा भरायला वळले. एवढ्यात मशीनमधून खरखर ऐकू आली. डिस्क फिरली, थांबली, पुन्हा फिरली. पडद्यावर डिस्क वाचता येत नसल्याची तीच ओळ आली, जी महिनाभर अधूनमधून येत होती आणि डिस्क पुसली की जात होती.

"आप्पा, काढून परत घाला की."

भाऊसोंनी डिस्क बनियनला पुसून परत घातली. मग उलटी करून उजेडात धरली. मग मशीनच उभं करून पाहिलं. ओळ हलली नाही.

"आज सुट्टी दिसतीया टीमला," संघर्ष म्हणाला.

टीम म्हणजे गडमुडशिंगीतली त्यांची गल्ली. फुटबॉलच्या त्या गेममध्ये खेळाडूंची नावं बदलता येत, आणि संघर्षनं एकेक अक्षर निवडत, कित्येक आठवडे खपून, लहानपणी ज्यांच्याबरोबर माळावर खेळला ती सगळी पोरं त्यात उतरवली होती. गोलात राजवीर. मध्ये सूरज. पुढे, दहा नंबरला, संघर्ष. खरा राजवीर आता कोल्हापुरातल्या एका पेठेच्या संघाकडून खेळायचा आणि दिवाळीला फराळ घेऊन यायचा. गेममधला राजवीर रोज येत असे.

भाऊसो उद्यमनगरात पॅटर्न मेकर. फाउंड्रीत लोखंड ओतण्याआधी वस्तूचा हुबेहूब लाकडी नमुना करावा लागतो. ते त्यांचं काम. त्या दिवशी कारखान्यात निरोप देऊन त्यांनी मशीन टॉवेलात गुंडाळलं आणि राजारामपुरीतल्या एका तळघरातल्या दुरुस्तीच्या दुकानात नेलं. महांतेश तिथं एकटाच बसे. संकेश्वरकडचा, तिशीतला, फोनवर आईशी कानडीत भांडत भांडतच त्यानं मशीनचे स्क्रू काढले, झाकण उचललं आणि फोन खाली ठेवला.

"पावणं, घरात सुतारकाम करतासा व्हय?"

"न्हाय. माझं काम उद्यमनगरात."

"मग ह्यो भुसा काय उंदरांनी आणून भरला?"

भाऊसो वाकले. पंख्याच्या पात्यांवर, लेन्स जिच्यावरून सरकते त्या दांडीवर, दांडीच्या वंगणात, सगळीकडे बारीक तांबूस पूड बसली होती. वंगण आणि पूड मिळून त्याची खळ झाली होती. त्यांनी चिमटीत घेऊन नाकाशी नेली नाही, लांबूनच ओळखली. साग होता.

फळी करताना त्यांनी ती जरा मोठीच केली होती. ती धंद्यातली सवय. ओतलेलं लोखंड निवताना आकसतं, म्हणून पॅटर्न नेहमी थोडा वाढवून करायचा. कारखान्यातली त्यांची मोजपट्टीसुद्धा तेवढी वाढीव आखलेली असे. पोर वाढीचं आहे, हात भरेल, असा त्यांचा हिशेब. हात भरला नाही. तो आकसत गेला. मग दर दोन-चार महिन्यांनी खोबणीत सागाची पट्टी बसवायची, मनगटाखाली उंची द्यायची, कानशीनं घासत घासत मेळ घालायचा. हे काम कारखान्यात नेऊन होत नसे, कारण माप घरात, खुर्चीत बसलेलं असे. घासताना भुसा पोराच्या नाकात जाऊ नये म्हणून भाऊसो टेबलफॅन लावायचे. फॅनचं तोंड टीव्हीकडे असायचं.

"साफ केलं की चालंल न्हवं?" त्यांनी विचारलं.

"साफ करतो की. पण काका, लेन्स ह्या खळीतनं स्वतःला वढत वढत दमलीया. आतला लेझरच म्हातारा झालाय." 'पावणं'चं 'काका' झालं तेव्हाच बातमी वाईट आहे, हे भाऊसोंनी ओळखलं.

महांतेशनं मनापासून केलं. सगळं खोलून धुतलं. दिल्लीहून लेन्स मागवली. तिनं डिस्कची दखलच घेतली नाही. दुसरी मागवली, ती अर्धी मॅच चालली. "नव्या लेन्सा बनतच न्हाईत आता," तो म्हणाला. "जुन्या मशीनमधल्याच पुसून पाकिटात घालत्यात आणि नवीन म्हणून इकत्यात." पेनड्राइव्हवरून चालवायची सोय त्या मॉडेलला नव्हती. मोबाइलवर खेळायला बोट उचलावं लागतं. नव्या मशीनचा कंट्रोलर त्यानं दोन दिवस घरी नेऊ दिला; त्याच्या दांड्या इतक्या ताठ की संघर्षच्या अंगठ्याखाली त्या हलल्याच नाहीत. जुन्या कंट्रोलरच्या दांड्या वर्षानुवर्षं एकाच हाताखाली झिजून सैल झाल्या होत्या. त्या फक्त त्याच्यासाठी हलत.

शेवटी महांतेशनं जुनीच लेन्स परत बसवली आणि भाऊसोंना स्टूल पुढं ओढायला सांगितलं.

"हिकडं बगा. लेन्सच्या बाजूला मोहरीएवढा स्क्रू हाय. दिसला? त्यो फिरवला की लेझरला जास्त करंट मिळतोय. मग वाचतीया डिस्क. झकास वाचतीया."

"मग फिरव की बाबा!"

"काका, विझायच्या आधी वात वर केल्यासारखं हाय ते. पंधरा दिस चालंल, महिना चालंल. मग लेझर जळतोय. त्यानंतर कायबी करता येत न्हाय. न्हाय फिरवला, तर निदान एखाद्या भंगारातनं बरी लेन्स गावंपतूर हे मशीन शाबूत ऱ्हातंय." त्यानं स्क्रूशेजारी काळ्या पेननं ठिपका दिला. "सध्या हितं हाय. मी फिरवत न्हाय. माझ्या हातानं मेलेलं मशीन गिऱ्हाइकाला दिलं असं व्हायला नको. तुमचा हात माझ्यापेक्षा बारीक हाय. तुमी ठरवा."

भाऊसोंनी विचार करायला वेळ घेतला नाही. "ऱ्हाऊ दे तसंच," ते म्हणाले. "गावंल लेन्स."

मशीन प्लास्टिकच्या पिशवीत बांधून कपाटावर गेलं. भाऊसोंनी घरी येऊन भुशाचं खरं काय ते सांगून टाकलं, आणि संघर्ष हसला. हसताना त्याला धाप लागायची, म्हणून तो टप्प्याटप्प्यानं हसे.

"आप्पा, म्हणजे आमच्या टीमला तुमीच हरवलं म्हणा की. भुसा टाकून."

"गप रं," सोनूबाई म्हणाल्या. "त्यांनी काय मुद्दाम केलं?"

"मुद्दाम केलं असतं तर बरं झालं असतं. लाल कार्ड दाखवलं असतं."

आठवडे गेले. पावसाळा सरला, शेतांतून उसाचे तुरे दिसू लागले. महांतेशचा फोन अधूनमधून येई. इचलकरंजीला एक मशीन भंगारात निघालं होतं. तो स्वतः जाऊन पाहून आला, त्याचीही लेन्स गेलेली. कुरुंदवाडात एक होतं. मालकानं आदल्याच आठवड्यात ते मोडीत घातलं होतं. दर फोननंतर भाऊसो कपाटाकडे पाहत आणि मनाशी म्हणत, आपलं मशीन शाबूत आहे. कारखान्यात ते असेच लाकडाचे चांगले तुकडे बाजूला ठेवत. कधीतरी लागतील म्हणून. त्यांतले कितीतरी वाळवीनं नेले होते, पण ठेवण्याची सवय गेली नव्हती.

संघर्ष मशीनचं नाव काढत नसे. खुर्चीत बसून तो टीव्हीवर चाललेलं पाहत असे आणि त्याच्या मांडीवर फळी नसे. फळीवाचून त्याचे हात मांडीवर नुसते पडलेले असत.

कार्तिकातल्या एका रविवारी सकाळी, चहा झाल्यावर, तो म्हणाला, "आप्पा, फळी ठेवा की जरा मांडीवर."

"मशीन कुटं लावलंय?"

"नुसतीच ठेवा. कंट्रोलरबी बसवा. हात सुटतील."

भाऊसोंनी ठेवली. कंट्रोलर बसवला, अंगठे दांड्यांवर टेकवले. संघर्ष बंद पडद्याकडे पाहत होता. डावा अंगठा हलला. दांडी पुढे गेली, मागे आली. उजवा अंगठा दांडीवर होता तसाच राहिला. भाऊसोंना वाटलं, तो अजून सुरू व्हायचा आहे. मग त्यांना मनगटावरची शीर ताणलेली दिसली आणि कपाळावर आलेला घाम दिसला. अंगठा सगळं बळ लावत होता. दांडी हलत नव्हती.

"बॅटरी गेली वाटतं," संघर्ष म्हणाला.

कंट्रोलरला बॅटरी नव्हती. त्याला वायर होती, आणि ती खुर्चीखाली मोकळी लोंबत होती.

भाऊसो खाली वाकले. फळीखाली हात घालून त्यांनी उजव्या मनगटाची जागा पाहिली. खोबण ढिली नव्हती, उंची बरोबर होती. घासून काढण्यासारखं किंवा पट्टी बसवण्यासारखं तिथं काहीच नव्हतं. सोनूबाई स्वयंपाकघराच्या दारात उभ्या होत्या. त्यांनीही पाहिलं होतं. त्या आत गेल्या आणि नवऱ्याचा जवळचा चष्मा घेऊन बाहेर आल्या. तो त्यांनी स्टुलावर ठेवला.

भाऊसोंनी कपाटावरची पिशवी काढली. जमिनीवर चादर अंथरली, फॅन बंद केला. बारीक कामाचा पेचकस ट्रंकेत होता; तो आणून त्याचं टोक उजेडात तपासलं. झाकण काढून त्यांनी मशीन टीव्हीला जोडलं. महांतेशचा काळा ठिपका अजून ठसठशीत होता. सोनूबाई टॉर्च धरून शेजारी बसल्या.

पहिल्यांदा त्यांनी स्क्रू केसभर फिरवला आणि डिस्क घालून पाहिली. खरखर. आणखी केसभर. डिस्क फिरली, अडखळली, पडद्यावर मैदान आलं आणि थिजलं. इथं त्यांचा हात थांबला. इथंच थोडं थांबावं, काही आठवडे आणखी मिळतील, थोडं शिल्लक ठेवावं, असं हाताला आपोआप वाटलं. चाळीस वर्षं तो हात तसाच चालत आला होता.

संघर्ष पडद्याकडे नव्हे, वडिलांच्या हाताकडे पाहत होता.

भाऊसोंनी ठिपका आणखी मागे टाकला आणि स्क्रू फिरवत नेला, खरखर थांबून मशीनचा आवाज एकसारखा, जरा चढा होईपर्यंत. मग झाकण लावून सगळे स्क्रू घट्ट आवळले.

"स्क्रू फिरवला काय वं आप्पा?"

"व्हय."

"किती?"

"लागला तेवढा."

कंट्रोलरची वायर जोडली. उजव्या दांडीची कामं डाव्या अंगठ्याशेजारच्या बटणांवर कशी आणायची, ते संघर्ष सांगत गेला आणि भाऊसो वाकून एकेक बटण दाबत गेले. तसं खेळणं अवघड होतं; बॉल सारखा दुसऱ्या संघाकडे जात होता. मशीन मात्र न अडखळता चाललं होतं. तासाभरानं ते हाताला चांगलंच तापलेलं लागलं, तरी कोणी ते बंद करावं असं म्हणालं नाही.

इतकी वर्षं सामना चालू असताना भाऊसो कडेला बसून फळी घासत असत. पडद्याकडे त्यांनी कधी नीट पाहिलं नव्हतं. त्यांनी पेचकस ट्रंकेत ठेवला, कानस त्याच्याखाली ठेवली, ट्रंक बंद केली आणि खुर्चीशेजारी पलंगाच्या कडेला येऊन बसले.

"ह्यातला राजवीर कंचा?" त्यांनी विचारलं.

"त्यो काय, गोलात. हिरवा शर्ट."

"आणि तू?"

"दहा नंबर. आत्ता पळतोय बगा त्यो."