विरामचिन्हांसकट

तिसरं टिंब जरा पुसट होतं – झेरॉक्सवाल्याची शाई संपत आली असणार. ‘जा तू… मी आहे.’ अख्ख्या नाटकात म्हाताऱ्या आईला एवढंच वाक्य, आणि सत्तरी उलटल्यावर जन्मात पहिल्यांदा स्टेजवर उभं राहिलेल्या तिला तेवढंही धड म्हणता येत नव्हतं.

काल तालमीत तर हसंच झालं. नाटकातल्या मुलानं पिशवी उचलली, निघाला, आणि ती खणखणीत आवाजात म्हणाली, “जा तू तीन टिंबं मी आहे पूर्णविराम.” सगळे पोट धरून हसले. तीही हसली, उगाच… कारण जीभ घसरली नव्हती, जीभ आपलं काम करत होती. उभा जन्म छापखान्यात गेला. ती मूळ प्रत मोठ्यानं वाचायची, समोर मुद्रितशोधक प्रूफावर पेन्सिल धरून ऐकायचा – विरामचिन्हांसकट, सपाट, हेल न काढता. “अर्थात शिरू नकोस,” तो म्हणायचा, “शिरलीस की चूक निसटते.” पुढे त्याच्याशीच लग्न झालं, आणि संसारही तिनं तसाच वाचला, बिनचूक.

तो गेला तेव्हा दवाखान्यात खाटेशी बसून ती त्याला पेपर वाचून दाखवत होती. स्वल्पविराम म्हणाली, वर पाहिलं, तर… तिनं टिपूस गाळलं नाही. लोकांना ते धैर्य वाटलं, लेकीला नाही. “बाबांसाठी रडली नाहीस, आता तिकीट काढून आलेल्यांसाठी रडणार?” आज सकाळीच, भांडी लावता लावता. खोचक बोलली, पण खोटं कुठं बोलली? म्हणून तर आले मी इथं, बाई. आपल्यात रडू आहे की नाही, एवढंच बघायचंय; घरी बघायची लाज वाटते.

“काकू,” दिग्दर्शिका म्हणाली, “आज नाही जमलं तर दुसरं कुणीतरी बघावं लागेल हं. राग नका मानू.”

राग कसला! मुलानं पिशवी उचलली. “जा तू,” ती म्हणाली, आणि दात आवळून मनातल्या मनात – टिंब, टिंब, टिंब – मग, “मी आहे.”

मुलाचे डोळे भरलेले.

“कुठून आणलंत हो हे?” दिग्दर्शिकेनं नाक पुसलं. “काम तुमचंच.”

कुठून म्हणजे? नुसती टिंबं मोजली होती, आत काही हललं नव्हतं, शपथ. काम मिळालं, आणि तिला चोरी केल्यासारखं वाटलं. गप्प राहण्यानं माणसं अशी रडतात, तर त्या दिवशी खाटेच्या पायथ्याशी लेक रडत होती ती कुणाकडे बघून?

“परत एकदा घेऊ या?”

“घेऊ या की,” ती म्हणाली खरी. मुलगा पुन्हा जागेवर जाऊन उभा राहिला. डोळे त्यानं अजून पुसले नव्हते. तिनं त्याच्याकडे पाहिलं, आणि एकाएकी तिला वाटलं, हा आता दारातून गेलेला आपल्याला चालणार नाही.