पट्टा उतरलेला काळरहाट

मित्रांनो, माझ्या अंगावर हळद-कुंकवाचे इतके थर चढले आहेत, की मी लोखंडाचा आहे हे सांगूनही तुम्हाला पटायचं नाही. मी एक जुना काळरहाट आहे. कोल्हापूरच्या उद्यमनगरात पत्र्याच्या एका शेडमध्ये मी कुलपात पडून आहे. लोक मला देव समजतात आणि त्यापायीच मी अडकलो आहे.

केरबाने मला घडवलं. तो लेथवर काम करायचा. माणूस वाकून आरपार जाईल एवढी माझी मोठी गोल कडी त्याने ओतून घेतली, चाकाचे दाते स्वतः कापले, हाताने फिरवायला मूठ बसवली आणि जुन्या डिझेल इंजिनाचा पट्टा माझ्यावर चढवला. मी फिरू लागलो तशी गल्लीतली वेळ ताळ्यावर आली. त्याआधी आजाऱ्याच्या उशाशी तास सरता सरत नसे, आणि माहेरी आलेल्या लेकीचा आठवडा चहा पिईपर्यंत संपून जाई. माझ्यामुळे सगळ्यांच्या वाट्याला सारखा दिवस येऊ लागला. शेजारचा लेथवाला विश्वजित येणाऱ्याजाणाऱ्याला सांगे, "केरबाअण्णाचा रहाट हाय म्हणून आमचा दिस सरळ चाललाय." हे ऐकून मी नुसता फुगून जाई.

माझं दुसरं काम मात्र एकट्या केरबाला ठाऊक होतं. माझ्या कडीच्या पलीकडे दुसरा लोक आहे. मी फिरत असलो, की कडीतून वाकून तिकडे जाता येतं आणि परतही येता येतं. तिकडे केरबाची वारलेली आई, धोंडुबाई, राहत होती. केरबा तिला भेटून येई, पण बायकोला, बयाबाईला, त्याने याचा पत्ता लागू दिला नाही. सासू-सुनेचं जन्मात पटलं नव्हतं. मेल्यावर तरी भांडण नको, असा त्याचा साधा हिशोब.

मग ती खंडेनवमी आली. त्या दिवशी आमच्याकडे हत्यारांना सुट्टी असते. यंत्रं धुऊन-पुसून, हळद-कुंकू लावून गप्प बसवायची. केरबा बयाबाईला "झेंडू आणतो" म्हणाला आणि नवरात्रात तळलेल्या गोड कडाकण्या रुमालात बांधून आईकडे गेला. तेवढ्यात बयाबाई पूजेचं ताट घेऊन आली. सगळी यंत्रं बंद आणि मी एकटा फिरतोय, हे पाहून तिला माझी कीव आली.

"सणाचं ह्यानंच का म्हणून राबायचं?" असं म्हणत तिने इंजिन बंद केलं आणि माझा पट्टा उतरवला. किती मायेने उतरवला! मला तोंड असतं तर मी अख्खं उद्यमनगर गोळा केलं असतं.

केरबा परत आला नाही. दसऱ्याला विश्वजित मला सुरू करायला आला, तर बयाबाईने त्याला दारातच अडवलं. "ह्येंच्या हातचा हाय त्यो. ह्ये आल्याबिगार कुणी चालवायचा न्हाय."

झालं! मी फिरल्याशिवाय केरबा येऊ शकत नव्हता आणि केरबा आल्याशिवाय ती मला फिरू देत नव्हती. माझ्यावाचून वेळेला धरबंद राहिला नाही. पलीकडे वेळ थिजून बसली आणि अलीकडे सुसाट सुटली. बघता बघता बयाबाईचे केस पांढरे झाले. ती नृसिंहवाडीला जाऊन दत्तापुढे रडे, तिथलं तीर्थ आणून माझ्यावर शिंपडे. त्याने मला गंज धरला. कुंकू दात्यांत घट्ट बसलं. ती रोज हात जोडून म्हणे, "माझ्या माणसाला तेवढं माघारी आण." ते जोडलेले हात माझ्या मुठीपासून वीतभर लांब असत. मित्रांनो, त्या वीतभर अंतराने माझा जीव पोळून काढला आहे.

यंदाच्या खंडेनवमीला ती कुंकू लावायला वाकली आणि तिचे गुडघे धरले. उठता येईना, म्हणून तिने माझी मूठ पकडली आणि सगळा भार टाकला. करकरत माझं चाक एका दात्याने सरकलं. कडीतून तळलेल्या कडाकणीचा वास आला. मागोमाग केरबाचा आवाज आला, तसाच तरणा.

"आलो, आलो. झेंडूच आणाय गेलतो की."

आणि त्याच्या मागून धोंडुबाई म्हणाली, "खाऊन जा रं. ती काय गिळतीया व्हय तुला?"

सासूचा आवाज बयाबाईने लगेच ओळखला. आपण पट्टा उतरवला म्हणूनच तो तिकडे अडकला, तेही तिला त्याच क्षणी कळलं. ती खाली बसली आणि लहान पोरीसारखी रडली. मग डोळे पुसून तिने माझ्या गळ्यातली माळ ओढून काढली.

विश्वजित दारात येऊन म्हणाला, "वैनी, आज हत्याराला हात लावू नगा. खंडेनवमी हाय."

"माझी खंडेनवमी लई लांबली बाबा," ती म्हणाली. "तू तेल आण."

एका दात्याच्या फटीतून आवाज येतो, माणूस येत नाही. बाकीचे दाते अजून कुंकवाने जाम आहेत. म्हणून मित्रांनो, माझं एवढं ऐका. ज्याच्यावर जीव आहे त्याला पुजून बसवू नका, चालतं ठेवा. फुलं नकोत, तेल घाला. बयाबाई खिळ्याने माझे दाते खरवडते आहे आणि पलीकडून तिचा नवरा अजून तीच थाप मारतो आहे. या वेळी ती त्याला म्हणाली, "असू द्या. झेंडू न्हाय मिळालं तरी या."