तबकडीचा शेवटचा इंच

खंडेरावांनी लोकप्रिय संगीताचा कोश लिहायला घेतला, त्यात संगीताचा काही दोष नव्हता. मामलेदार कचेरीतून पेन्शनीत आल्यावर त्यांना नोंदी करायला काही उरलं नव्हतं, आणि घरातली माणसं आपल्या नोंदी करू देईनात. मग त्यांनी गाणाऱ्यांना धरलं.

जुन्या तबकड्यांची एक रीत होती. गाणं संपलं की गाणाऱ्यानं आपलं नाव मोठ्यानं सांगायचं, म्हणजे लांब कारखान्यात तबकडी छापणाऱ्या साहेबाला गाणं कुणाचं ते कळायचं. खंडेरावांना ही रीत फार आवडली. त्याआधीची तीन मिनिटं मात्र त्यांना अडचणीची वाटायची. म्हणून ते फोनोची सुई थेट शेवटच्या इंचावर टेकवत, नाव ऐकत, कार्डावर उतरवत आणि पुढची तबकडी घेत. एका सकाळी चाळीस गायक व्हायचे. सहा वर्षांत त्यांनी अकराशे तबकड्यांचे शेवट ऐकले. सुरुवात एकीचीही नाही. आवाज कसा, गाणं कसलं, हे रकाने मेनरोडवरचा तबकड्यांचा दुकानदार गिऱ्हाईक सांभाळता सांभाळता भरून द्यायचा.

चौतीस साली कोश निघाला. चारशे बारा पानं, लाल कापडी बांधणी. नाशकातल्या सगळ्या शहाण्यांनी तो विकत घेतला, म्हणजे वाचला कुणीच नाही.

वाचला तो सलिमाबाईंनी, आणि तोही एकच पान. दहीपुलाजवळ राहणाऱ्या या बाई अठराव्या वर्षी मुंबईला जाऊन तबकडी भरून आल्या होत्या. ती तबकडी हरसूलच्या बाजारात चहावालासुद्धा लावायचा. कोशात त्या गाण्यापुढे छापलं होतं :

‘इब्राहिम पेटीवाले, नाशिक. पुरुष असूनही हुबेहूब स्त्रीकंठ. रंगभूमीवरील स्त्रीपार्टी परंपरेतील अखेरचे रत्न.’

घडलं होतं ते असं. मुंबईत गाणं संपताना सलिमाबाईंनी शेवटची तान इतकी लांबवली की त्यांचा श्वासच संपला. साहेब काचेपलीकडून हात नाचवतोय, नाव सांगा, नाव सांगा! बाईंच्या तोंडून शब्द फुटेना. तबकडीचं मेण फुकट जाईल या भीतीनं पेटीच्या साथीला बसलेला इब्राहिम ओरडला, आणि घाबरलेल्या माणसाला जे नाव सगळ्यात आधी आठवतं तेच, स्वतःचं, ओरडला.

बारा वर्षं ही गंमत होती. आता गंमत राहिली नाही. कोल्हापूरच्या एका बोलपट कंपनीचे यादव नावाचे मॅनेजर गाणारी माणसं शोधत गावोगाव फिरत होते, आणि ते कोश बघून फिरत होते. बाईंना बोलपटात गायचं होतं. जलशांना आता माणसं येत नव्हती, सगळी बोलपटाला जात होती. हा एकच रस्ता उरला होता.

त्या तडक तिवंधा चौकात खंडेरावांच्या ओसरीत गेल्या.

“रावसाहेब, ते गाणं माझं आहे.”

“पुरावा?”

“गाऊन दाखवते की.”

“छे छे!” खंडेराव दचकले. “गाणं हा पुरावा नव्हे, बाई. गाणं कुणीही गातं.”

“अहो, मग इब्राहिमला गायला लावा! त्याला अजान नीट म्हणता येत नाही, मौलवींनी हात जोडलेत त्याच्यापुढे!”

“त्यांचा आवाज तबकडीत आहे. मी स्वतः ऐकलाय.”

“नाव ऐकलंत.”

“तेच ते.”

तरी ते न्यायी गृहस्थ होते. महिन्याभरात त्यांनी शुद्धिपत्र छापून प्रत्येक प्रतीत चिकटवलं : ‘इब्राहिम पेटीवाले हे काही काळ सलिमा या टोपणनावाने गात असत.’

आता बाईंच्या नावावर त्यांचं स्वतःचं नावसुद्धा राहिलं नाही.

इकडे इब्राहिम बदलत चालला होता. पहिले आठ दिवस तो लाजला. मग त्यानं शाल घेतली. मग गळ्याला मफलर, मे महिन्यात. लोक ‘उस्ताद’ म्हणायला लागले तेव्हा तो थंड पाणी सोडून बसला.

यादव आले. खंडेरावांनी वाचनालयाच्या माडीवर सभा ठेवली. अध्यक्ष ते, प्रास्ताविक ते, गायन इब्राहिमचं. सलिमाबाईंना आमंत्रण नव्हतं. टोपणनावाला कशाला बोलावतील?

आदल्या दिवशी इब्राहिम बाईंच्या दारात उभा. घामानं मफलर भिजलेला.

“आपा, वाचव. उद्या मी तोंड उघडलं तर लोक माडीवरून उड्या मारतील.”

“मग खरं सांगून टाक.”

“आता कसं सांगू? सासरी कळलंय.” तो जवळ सरकला. “बायकांसाठी बांबूच्या कामट्यांचा चिकाचा पडदा लावणारेत. त्याला टेकूनच मी पेटी घेऊन बसतो. तू आतून गा. मी ओठ हलवतो.”

बाईंनी त्याच्याकडे नीट पाहिलं. एरवी त्यांना त्या माडीची पायरीही चढू दिली नसती.

“गाते,” त्या म्हणाल्या.

सभेत खंडेराव पाऊण तास बोलले. समोर पेन्शनर मंडळी डोळे मिटून बसली होती. काही चिंतनात, बाकीची खरोखर. मग इब्राहिमनं पेटी ओढली, तोंड उघडलं, आणि त्या दाढीतून अशी मधाळ तान निघाली की झोपलेले उठले.

“पाहा, स्त्रीकंठ!” खंडेराव कुजबुजले. “पान दोनशे सहा!”

यादव पुढे सरकून बसले. इब्राहिमला चेव आला. त्यानं भुवया उडवल्या, मान वेळावली, एक हात पेटीवरून काढून हवेत फुलं वेचली. तान चढत चढत वरच्या षड्जाला पोचली, आणि तिथं सलिमाबाई थांबल्या.

इब्राहिमचं तोंड उघडंच राहिलं. हात हवेत. सगळी माडी त्या तोंडात बघत होती. काहीतरी करायला हवं म्हणून त्यानं स्वतःच एक सूर लावला. रेडकू हौदात पडल्यावर जसं ओरडतं, अगदी तसा. पहिल्या रांगेतल्या एका वकिलांनी पगडी सावरली.

चिकाचा पडदा सरकला. सलिमाबाई बाहेर आल्या, सतरंजीवर बसल्या, आणि जिथं तान सोडली होती तिथूनच उचलून त्यांनी गाणं पुरं केलं. पडद्यामागच्या बायकांनी आधी टाळ्या वाजवल्या. त्यांना सगळं पहिल्यापासून दिसत होतं.

“हे नियमबाह्य आहे!” खंडेराव उभे राहिले. “यादवसाहेब, कोशात स्पष्ट लिहिलंय!”

“तुम्ही ऐकलं ना आत्ता?”

“मी इतिहासकार आहे. ऐकणं हे श्रोत्यांचं काम.”

यादवांनी कोश मिटला आणि हाताशी दुसरं काही नव्हतं म्हणून त्यावरच कागद ठेवून करार लिहिला. “बाई, सोमवारी कोल्हापूर. सहा गाणी. जाहिरातीत नाव काय घालायचं?”

“सलिमाबाई नाशिककर. मी लिहिते, आणा इकडे. या गावात नाव सांगून भागत नाही.”

त्यांनी सावकाश, मोठ्या अक्षरात लिहिलं, शाई वाळेपर्यंत कागद हातचा सोडला नाही, आणि मग विचारलं, “साथीला माझा पेटीवाला आणू?”

“जरूर आणा.”

इब्राहिमनं मफलर काढून खिशात कोंबला आणि झटकन पेटीचा भाता बंद केला. “मी तयार आहे, आपा. सोमवारी कुठली गाडी?”

“तू?” बाई जिन्याकडे वळल्या. “तू एवढं अखेरचं रत्न. तुला पेटी उचलायला सांगू होय मी? पेटीला अब्बासला नेते.”