काच कापणाऱ्याचे हात

"मिशी कुठंय काका?" मी जवळजवळ ओरडलेच.

काचेच्या दुकानातले ते म्हातारे कारागीर लाजून हसले. काल दिवसभर मी काच कापताना त्यांचं चित्रण केलं होतं, भरघोस पांढऱ्या मिशीसकट. आज मिशी साफ आणि केस काळे कुळकुळीत!

"बायको म्हणाली, सिनेमात जरा बरे दिसा."

"अहो, अर्धी फिल्म मिशीवाली आणि अर्धी बिनमिशीची? लोकांना वाटेल भाऊभाऊ आहेत!"

माझ्या कॅमेरामनने तोंड फिरवून हसून घेतलं. मी कपाळावर हात मारला. कष्टकरी माणसांवर माहितीपट काढायची हौस मलाच. ही माणसं रोज साधी असतात, नेमकी कॅमेऱ्यासमोर नसतात. कालचं सगळं पाण्यात गेलं. वाचलं ते फक्त हातांचं चित्रण. हातांना कुठे मिशी असते!

काकांना बरं वाटावं म्हणून मी तेवढं त्यांना कॅमेऱ्याच्या छोट्या पडद्यावर दाखवलं. कटर धरलेला हात काचेवर येतो. थरथरतो, चांगलाच थरथरतो. कटर काचेला टेकला की मात्र एकदम स्थिर, आणि एका दमात सरळ रेघ. इतकं चांगलं मी आजवर काही टिपलं नव्हतं.

काकांचा चेहरा उतरला. "हे काढून टाका, ताई."

"अहो, हेच तर सगळ्यात भारी आहे!"

"तुमच्यासाठी. मालक वरच्या मजल्यावर बसतात. त्यांना कापलेली काच दिसते, हात दिसत नाही. हे पाहिलं तर उद्यापासून मी घरी."

"मी समजावते त्यांना. रेघ बघा म्हणते."

"तुम्ही चार दिवसांनी जाल. मला रोज इथे यायचंय. घरी बसून काय करू मी?"

मी वाद घातला, गयावया केली, चिडून बाहेर जाऊन चहा पिऊन आले. माणूस ढिम्म हलेना. पुढच्या दिवसांतही हात दिसले की थरथर दिसायचीच. एडिटिंगला बसले तेव्हा मी काकांना, त्यांच्या मालकाला, माझ्या धंद्याला मनसोक्त शिव्या घातल्या आणि हातांची सगळी दृश्यं काढून टाकली. फार जिवावर आलं.

फिल्म दुकानातच भिंतीवर दाखवली. दिवे लागले तसे मालक टाळ्या वाजवत उठले.

"झकास! पण बाई, काच कापणाऱ्यावर फिल्म आणि त्याचे हातच नाहीत कुठे? एवढंही सुचलं नाही तुम्हाला?"

मी खाली वाकून वायर गुंडाळायला लागले. कान तापले होते.

"मीच नको म्हणालो, मालक," काका पटकन म्हणाले. "घाण असतात ना माझे हात."

"मग धुवायचे की!"

सगळे हसले. काकाही हसले. हात मात्र त्यांनी पाठीमागे घट्ट धरून ठेवले होते.