चुलुन खानाचा शरदातला दरबार

सोलोंगोने नवऱ्याचा कमरपट्टा सोडला आणि पुन्हा नीट बांधला. बाहेर घोडे खिंकाळत होते. पाचही खोऱ्यांचे सरदार नजराण्याचे घोडे घेऊन दरबाराला आले होते.

“एकदा खोकले तर घोडा पांढरा,” ती म्हणाली. “दोनदा खोकले तर तांबडा.”

“आणि काळा असला तर?”

“तर गप्प बसेन.”

चुलुन खान हसला. एकोणिसाव्या वर्षी तो गादीवर आला, तेव्हा टेकडीवरचा घोडा कोणाच्या कळपातला, हे तो तंबूच्या दारातून सांगे. बत्तीस वर्षं राज्य केलं, त्यात लढाई एकच. बर्फाखाली जनावरं मेली त्या हिवाळ्यात स्वतःचे कळप कापून त्याने सगळ्यांना जगवलं. दोन वर्षांमागे मात्र त्याची नजर अधू होत होत पार गेली. आंधळ्याने खान राहायचं नाही, हा पूर्वजांचा कायदा. म्हणून नवराबायकोने ही गोष्ट कोणाच्या कानी जाऊ दिली नव्हती. सोलोंगोला धास्ती होती ती गान्जूरची. तो खानाचा सख्खा भाचा, आणि खानामागे गादी त्याचीच.

तंबूपुढच्या गवतावर दरबार भरला. गान्जूर एक शिंगरू घेऊन पुढे आला. अंग राखाडी, आयाळ काळी, एक पाय पांढरा. याला किती खोकायचं, तिला सुचेना.

“राखाडी आहे, मामा,” गान्जूर सहज बोलल्यासारखं म्हणाला. “आयाळ काळी. मागचा डावा पाय तेवढा पांढरा.” आणि त्याने खानाचा हात धरून त्यात दोर ठेवला.

मागून दुसरा सरदार वाकला. “मी अल्तान, वरच्या खोऱ्यातला.”

“मी तुमुर, नदीकाठचा.”

तीस वर्षं हीच माणसं मुकाट वाकायची आणि खान त्यांना नावाने हाक मारायचा. ही माणसं आपलं नाव सांगू लागली कधी? उन्हाळ्यातही सांगत होती. त्याआधीच्या हिवाळ्यातही. सोलोंगोने नवऱ्याकडे पाहिलं. त्याच्याही ते ध्यानात आलं होतं.

“कधीपासून माहीत आहे?” त्याने विचारलं.

गान्जूर म्हणाला, “कायदा आंधळ्या खानासाठी आहे, मामा. तसा कोणी आम्ही पाहिलेला नाही.”

खान बराच वेळ शिंगराची मान चोळत राहिला. मग तो विचारू लागला. दोन वर्षं त्याला कोणाला काही विचारता आलं नव्हतं. दक्षिणेच्या उतारावरचं गवत पिवळं पडलं का, तुमुरची नात कोणासारखी दिसते, अल्तानच्या दाढीत काळा केस उरला आहे का. सरदार एकमेकांना अडवत उत्तरं देत होते, आणि अल्तानची दाढी पांढरी झाल्याचं चौघांनी मिळून सांगितलं.

शेवटी खानाने भाच्याला जवळ ओढलं आणि आवाज खाली आणला.

“आणि तुझी मामी रे? ती मला खरं सांगत नाही.”

गान्जूरने सोलोंगोकडे पाहिलं. तिने पिकलेल्या केसांवर टोपी पुढे ओढून घेतली.

“आधी होती तशीच आहे,” तो म्हणाला.

तिने गान्जूरचा वाडगा घोडीच्या दुधाने काठोकाठ भरला.