ज्याची जागा त्यानं सोडावी

बसस्थानकावर गाड्यांच्या घोषणा करणाऱ्या बाईंना सगळे माईकबाई म्हणत, आणि त्यात चुकीचं काहीच नव्हतं. दिवसभर फलाटांचे आकडे ओरडून सांगायचे आणि घरी आल्यावरही तोंडाचा पट्टा चालूच. त्यांच्या यजमानांचं घड्याळदुरुस्तीचं दुकान घराच्याच पुढच्या खोलीत होतं. घड्याळजी डोळ्याला भिंग लावून खाली मान घालून बसत. गिऱ्हाइकानं विचारलं, "कधी मिळेल?" की आतून पोळी लाटता लाटता बाई सांगत, "गुरुवारी या!" दात घड्याळजींचा दुखे, पण कुठला दुखतो ते डॉक्टरांना बाईच बोट दाखवून सांगत. आणि गंमत म्हणजे तोच दात निघे. "आमच्याकडे मी बोलते, हे ऐकतात," असं बाई कौतुकानं सांगत, "म्हणून तर भांडण नाही." भांडायला दोन माणसं लागतात, हे त्यांना कुणी सांगितलं नव्हतं.

डोंगरातली ही पायवाटेची सहलही बाईंनीच ठरवली. डॉक्टर म्हणाले होते, चाला. घड्याळजी थोडे मागे सरले, काहीतरी बोलायला तोंड उघडलं, तेवढ्यात बाई म्हणाल्या, "हो हो, आम्हाला डोंगर फार आवडतात." झालं. चार दिवसांची वाट, रोज एक गाव, मुक्काम गावकऱ्यांच्याच घरी. खाली मैदानात राहणाऱ्यांना ही डोंगरातली माणसं कुठल्याशा दुसऱ्या मुलखातली वाटतात. त्यांची भाषा वेगळी, चेहरेपट्टी वेगळी, आणि मोजून सांगायचं तर शंभरात एखादाच असा माणूस खाली भेटणार. सोबत वाटाड्या होता. तो त्यांच्यातलाच, पण खाली शिकलेला, त्यामुळे दोन्हीकडचं बोलणं त्याला यायचं.

पहिल्या मुक्कामाला त्यानं दारातच दोघांना थांबवलं.

"बाई, एक गोष्ट ऐकून घ्या. आमच्या घरात पाहुण्यांची खोली नसते. घरातलं कुणी बाहेरगावी असेल तर त्याची जागा पाहुण्याला देतात. त्याचं अंथरूण, त्याचा पेला, त्याची खुंटी. तेवढा वेळ तुम्ही तेच माणूस. सकाळी निघताना या मधल्या खांबाला हात लावून म्हणायचं, जागा सोडली. घरातलं माणूस म्हणतं, पोचली. मगच बाहेर पडायचं."

"आणि विसरलं तर?"

"विसरू नका. आणि ज्याची त्यानं सोडायची."

बाईंना हे भलतंच आवडलं. त्यांना सासरी गेलेल्या लेकीची जागा मिळाली आणि घड्याळजींना शहरात कामाला गेलेल्या काकांची. काकांच्या चपला घड्याळजींना दोन बोटं मोठ्या होत्या, पाय ओढत ते अंगणात फिरले, घरातली पोरं हसून लोळली. उकडलेले बटाटे आणि मीठ एवढंच जेवण, पण बाई दोनदा मागून जेवल्या. सकाळी दोघांनीही खांबाला हात लावला. घड्याळजी "जागा सोडली" इतकं हळू म्हणाले, की घरधनिणीला पुन्हा विचारावं लागलं. बाईंनी लगेच तोंड उघडलं, पण वाटाड्यानं हात वर करून त्यांना अडवलं. घड्याळजी पुन्हा म्हणाले, थोडं मोठ्यानं. तेव्हा ती म्हणाली, "पोचली."

दुसरं गाव उंचावर होतं. ढग दारात येऊन बसले होते. घर एकट्या म्हातारीचं. दोघांपुरत्याच जागा, म्हणून वाटाड्या गावाच्या दुसऱ्या टोकाला आपल्या मावशीकडे उतरायला गेला. म्हातारीनं बाईंना आपल्या बहिणीचं अंथरूण दाखवलं. मग ती घड्याळजींकडे बघत राहिली. बराच वेळ. बाईंना जरा अवघडल्यासारखं झालं. शेवटी म्हातारीनं खुंटीवरचं एक जाड घोंगडं काढलं, झटकलं, आणि भिंतीजवळच्या कोपऱ्यात पसरलं. खाटेखालून चपला काढून पुढे ठेवल्या.

चपला घड्याळजींना अगदी मापात बसल्या.

घराची तुळई फार खाली होती. बाईंचं डोकं दोनदा आपटलं, टेंगूळ आलं. घड्याळजी मात्र पहिल्यापासून नेमके तिथंच वाकत, न बघता. मग ते उठून मागच्या दारानं बाहेर गेले, आणि थोड्या वेळानं लाकडं फोडल्याचा आवाज येऊ लागला. बाई बघायला गेल्या. ज्या माणसानं जन्मात घड्याळाच्या स्क्रूपेक्षा जड काही उचललं नव्हतं, तो कुऱ्हाड चालवत होता, आणि एकेका घावात ओंडका दुभंगत होता.

"अहो, कंबर धरेल!" बाई ओरडल्या.

ते हसले. हसू छान होतं, पण बाईंना ते ओळखीचं वाटेना. डोंगराची हवा लागली, दुसरं काय, असं म्हणून त्या आत आल्या. म्हातारी चुलीपुढे बसून डोळे पुसत होती. धुरानं, असं बाईंना वाटलं.

सकाळी निघायची घाई. वाटाड्यानं बाहेरून हाक मारली, ढग सरकलेत, लवकर या. घड्याळजी परसात दाराची बिजागरी ठोकत होते. त्यांची वाट कोण बघणार? बाईंनी खांबाला हात लावला आणि नेहमीच्या खणखणीत आवाजात सांगितलं, "जागा सोडली. आमच्या दोघांचीही."

म्हातारी त्यांच्या तोंडाकडे बघत राहिली. तिला शब्द कळले नसतील, बोटं दोन दाखवलेली कळली. पण ती "पोचली" म्हणाली नाही. बाईंनी बॅग उचलली आणि त्या बाहेर पडल्या.

वाटेत घड्याळजी पुढे होते. कालपर्यंत दर वळणाला धापा टाकणारा माणूस आज दगडांवरून टणाटण चालला होता. त्यांनी बाईंची बॅग न मागता घेतली आणि पट्टा कपाळावर अडकवून पाठीवर टाकली. ओढ्यापाशी पाण्यात उतरून त्यांनी दगड सारखे केले, हात पुढे केला आणि म्हणाले, "सांभाळून, बाई."

पंचवीस वर्षांत ते बायकोला "अगं"शिवाय काही म्हणाले नव्हते.

"थट्टा करताय होय?" बाई हसल्या. ते हसले नाहीत. तिसऱ्या गावापर्यंत त्या अखंड बोलत होत्या, हवा, वाट, चहा, शेजारणीची सून. पुढून एकदाही हुंकार आला नाही.

तिसऱ्या घरी अंगणातच एक बाप्या बसला होता. घड्याळजींना बघून तो उठला, डोंगरी भाषेत काहीतरी बोलला आणि त्यांच्या खांद्यावर थाप मारली. घड्याळजींनी उत्तर दिलं. त्याच भाषेत, भराभरा, आणि दोघंही हसले. मग घरातल्यांनी बाईंना आत नेलं, एका नणंदेची जागा दिली. घड्याळजींना जागा कुणी दिली नाही. ते ओसरीवर एका कडेला स्वतःच घोंगडं पसरून बसले, सामान वाहणारी माणसं बसतात तसे, आणि पायातला काटा काढू लागले.

"अहो, आत या ना!"

त्यांनी वर बघितलं. नजर सभ्य होती. अनोळखी बाईशी बोलताना असते तितकी सभ्य.

बाईंची पाचावर धारण बसली. त्यांनी वाटाड्याला गाठलं. "यांना काय झालंय? हा माणूस काय म्हणाला यांना?"

वाटाड्याचा चेहरा आधीच उतरला होता. "तो म्हणाला, फार दिवसांनी आलास. बाईंना पोचवायला आलास का? हे म्हणाले, हो, उद्या परत जाईन." त्यानं ओसरीकडे पाहिलं. "बाई, काल म्हातारीनं यांना कुणाची जागा दिली?"

"मला काय माहीत? भिंतीकडची. घोंगडं होतं, चपला होत्या."

"ती म्हातारीच्या मुलाची. तो पाहुण्यांचं सामान घेऊन या गावापर्यंत यायचा, दुसऱ्या दिवशी परत जायचा. दोन पावसाळ्यांपूर्वी कड्यावरून पडून गेला. परत येणाऱ्याचीच जागा देतात, बाई. गेलेल्याची देत नाहीत. म्हातारीला ते माहीत होतं, पण तिला राहवलं नसेल." मग त्यानं अगदी हळू विचारलं, "सकाळी जागा यांनी स्वतः सोडली ना?"

बाई गप्प बसल्या. असं क्वचितच घडे, म्हणून वाटाड्याला उत्तर कळलं. तो तिथंच पायरीवर बसला.

बाईंनी सगळं करून पाहिलं. लग्नाची आठवण काढली, दुकानाचं नाव घेतलं, मोबाइलमधले फोटो दाखवले. घड्याळजींनी फोटो कौतुकानं पाहिले. "हे तुमचे यजमान का?" त्यांनी विचारलं. बाईंना रडू फुटलं. मोठ्यानं, लाज सोडून. ते अवघडले, उठले आणि त्यांच्यासाठी पाणी घेऊन आले.

सकाळी घड्याळजींनी बॅग ओसरीवर ठेवली, हात जोडले आणि आल्या वाटेनं चालू लागले. बाई आणि वाटाड्या मागोमाग निघाले. खालचा रस्ता, गाडी, घर, सगळं दुसऱ्या दिशेला राहिलं. ते कधी वळणावर दिसत, कधी नुसती शीळ ऐकू येई. घड्याळजींना शीळ येत नव्हती, एवढं बाईंना पक्कं माहीत होतं. धापा टाकत त्या हाका मारत राहिल्या, "अहो! थांबा हो!" डोंगर त्यांचा आवाज परत पाठवत होता, बसस्थानकावरच्यासारखाच, आणि त्या आवाजाला कुणी थांबत नव्हतं.

"काहीतरी उपाय असेल ना?" एका चढावर त्यांनी विचारलं.

"एकच. खांबाला हात लावून ते स्वतः म्हणाले पाहिजेत. त्यांच्या तोंडानं, त्यांच्या मनानं." वाटाड्या थांबला. "आणि बाई, तुम्ही मध्ये बोलू नका. पहिल्या वेळी तुमचा शब्द त्यांच्यावर पडला. आता पडला तर सुटायचं नाही. काय वाटेल ते होवो, तोंड उघडू नका."

म्हातारीच्या अंगणात ते पोचले तेव्हा दिवस कलला होता. घड्याळजी पायरीवर बसून विळ्याला धार लावत होते. म्हातारी दारात उभी होती. वाटाड्या तिच्याशी रागानं बोलला. ती आधी मान हलवत राहिली, मग तिचा चेहरा चुरगळला. ती काही वाईट बाई नव्हती. तिनं लेकराचं घोंगडं एकदा पसरून पाहिलं होतं, इतकंच. ती पुढे आली, घड्याळजींचा हात धरून त्यांना आत घेऊन गेली आणि त्यांचा तळवा तिनंच खांबावर ठेवला.

"ती म्हणतेय, मी धरून ठेवणार नाही," वाटाड्या कुजबुजला. "तिनं त्याला विचारलंय, तुझी जायची इच्छा आहे का?"

घड्याळजींनी खांबाकडे पाहिलं, मग म्हातारीकडे, मग दारात उभ्या असलेल्या बाईंकडे. कपाळाला आठी पडली. डोळ्याला भिंग लावून एखादी नाठाळ स्प्रिंग शोधताना पडे तशी. बाईंना ती आठी ओळखू आली, त्यांच्या जिवात जीव आला. आहेत, हे आतच आहेत! ओठ हलले. शब्द येईना. उत्तर बाईंच्या जिभेवर तयारच होतं, हो, यायचंय यांना, घरी यायचंय, चार घड्याळं उघडी पडलीत टेबलावर! त्यांनी पदराचा बोळा तोंडात कोंबला. डोळ्यांतून पाणी वाहू लागलं, पण आवाज त्यांनी निघू दिला नाही. पंचवीस वर्षांत पहिल्यांदाच त्या नवऱ्याच्या उत्तराची वाट बघत होत्या.

बराच वेळ गेला. मग ते बोलले. डोंगरी भाषेत नाही. आपल्या भाषेत, स्वच्छ, शांत.

"मी इथंच बरा आहे."

म्हातारीला शब्द कळले नाहीत. तिनं वाटाड्याकडे पाहिलं, वाटाड्यानं बाईंकडे. दोघांनाही एकच गोष्ट हवी होती, हे बोललं कोण ते बाईंनी सांगावं. घरचा मुलगा, की त्यांचा नवरा? बायकोला नवऱ्याचा आवाज ओळखता यायलाच हवा.

बाईंनी तोंडातला बोळा काढला. त्यांनी खूप आठवून पाहिलं. डोंगरात जायचं का, हे त्यांनी कधी विचारलं नव्हतं. कुठला दात दुखतो, हेही नाही. तुम्हाला काय हवंय, असा प्रश्न त्यांनी नवऱ्याला एकदाही विचारला नव्हता, त्यामुळे त्या प्रश्नाचं उत्तर देताना घड्याळजींचा आवाज कसा लागतो, ते बाईंना माहीतच नव्हतं.

"मला ओळखू येत नाही," त्या म्हणाल्या.