बत्तीस घरांचा ग्रुप

“हा तूच ना?” मुकादम धम्मपालनं मोबाईल पुढं धरला.

फोटोत कडुबा लिंबाखाली बसून चहा पीत होता. वर लिहिलं होतं, ‘आठ दिवसांनी पाण्याचा वार, आणि साहेबांचा चहा चाललाय.’ त्याखाली मजकूर वाढत गेला होता. कामचोर. ओळखीच्यांना आधी पाणी देतो. दुपारीच प्यायलेला असतो. हाकला याला.

“टाकीच भरली नव्हती, तर सोडू काय?” कडुबा म्हणाला.

“मला ठाऊक हाय. पर हे ठेकेदाराकडं गेलंय.”

पिशोरहून शहरात आलेला कडुबा एकोणीस वर्षं त्या कॉलनीत पाणी सोडत होता. बत्तीसही घरं त्याला मामा म्हणत. फोटो टाकणारा शंतनू कालच गाडी थांबवून म्हणाला होता, “मामा, ऊन फार आहे, डोक्याला काही बांधत जा.” कडुबाचा फोन बटणांचा. कॉलनीच्या ग्रुपवर काय चालतं, ते त्याच्यापर्यंत कधी आलंच नव्हतं.

धम्मपालनं नावं वाचून दाखवली. हसरे चेहरे टाकणाऱ्यांत पद्मजाताईही होत्या.

कडुबा तडक त्यांच्या दारात गेला. “ताई, तो चहा तुम्हीच दिलता.”

पद्मजाताई ओशाळल्या. “अहो, सगळेच टाकत होते, म्हणून मीही टाकलं. मनात काही नव्हतं हो.”

“मग तेवढं लिहा. टाकी भरली नव्हती, चहा मी दिला. बस, एवढंच.”

त्यांनी दोन ओळी लिहिल्या, वाचून दाखवल्या. कडुबानं मान हलवली. ताईंचं बोट पडद्यावर तसंच थांबलं. मग त्यांनी एकेक अक्षर पुसलं.

“मी एकटीनं लिहिलं तर सगळे माझ्यावरच उलटतील, मामा.”

“समोर तर कुणीच वाईट बोलत नाय. घरोघरी जाऊन सांगू का?”

“सांगा ना. ऐकतील सगळे.”

खरंच सगळ्यांनी ऐकलं. कुणी बसायला सांगितलं, कुणी म्हणालं, “छे, तुमच्याविषयी नव्हतंच ते.” शंतनूनं त्याच्यासमोर तो फोटो ग्रुपवरून काढून टाकला. तोवर तो शहरभरच्या ग्रुपांत फिरला होता. तिसऱ्या दिवशी ठेकेदारानं कडुबाला कामावरून कमी केलं.

“पर तुमी केलं काय?” सरूबाईनं नवऱ्याला विचारलं.

कडुबानं चप्पल काढून कोपऱ्यात ठेवली आणि भिंतीला टेकून बसला.

पुढच्या पाण्याच्या वाराला धम्मपालनं त्याला बोलावलं. नव्या माणसाला लाईन माहीत नव्हती. कडुबा नाही म्हणू शकला असता. तो गेला.

“चौथ्या गल्लीचा व्हॉल्व उलटा फिरतो, जोर लावू नको,” तो खड्ड्यात वाकून सांगत होता. “शेवटचं घर चढावर हाय. तिथं दहा मिनिटं जास्त सोडत जा.”

नव्या माणसानं मान डोलावली. पाणी सुटलं. घराघरातून मोटारी सुरू झाल्या. कडुबा रस्त्याच्या कडेला उभा राहून ऐकत होता. दार उघडून बाहेर कुणी आलं नाही. चढावरच्या घराची मोटार सगळ्यांत शेवटी लागली. ती नीट पाणी ओढायला लागल्याचा आवाज आला, तेव्हा त्यानं हातांची माती पँटला पुसली आणि तो चालू लागला.